हा कागद आजवर कुठे होता? घरमालक-भाडेकरूच्या दाव्यात उशिरा आणलेला पुरावा

निकाल विरुद्ध गेला की घरात कागद सापडू लागतात. वडिलांच्या ट्रंकेतून भाडेपावत्यांचे जुने पुस्तक निघते, चुलतभावाच्या मोबाइलमध्ये घरमालकाचा व्हॉट्सॲप संदेश निघतो, आणि शेजारचा दुकानदार म्हणतो, ‘मला कोणी विचारलंच नाही, नाहीतर मी येऊन सांगितलं असतं.’ हे सगळे पिशवीत भरून पक्षकार वकिलाकडे येतो आणि विचारतो, ‘वकीलसाहेब, अपिलात हे दाखवलं की झालं ना?’

तेवढ्याने काही होत नाही. कागद खरा की खोटा, हा अपील कोर्टाचा पहिला प्रश्न नसतोच. आधी विचारले जाते की हा कागद आजवर कुठे होता. त्यापाठोपाठ कोर्ट पाहते की याच्याशिवाय निकाल देता येतो का. पक्षकाराला वाटते, आपला कागद किती वजनदार आहे हे पटवले की बस. पण तो इतक्या उशिरा का आला, हेच आधी पटवावे लागते.

हे सगळे इंदूरच्या संदर्भात सांगतो, म्हणजे हवेत बोलणे होणार नाही.

कायद्याच्या बाबतीत इथल्या मराठी घरांत एक गोंधळ हमखास होतो. पुण्या-मुंबईचे नातेवाईक फोनवर सल्ला देतात आणि तो असतो महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ वर बेतलेला. तो कायदा इथे लागत नाही. रामबागेतला वाडा असो की सुदामानगरातला मजला, इथे लागतो तो मध्य प्रदेश स्थान नियंत्रण अधिनियम, १९६१. भाडेकरूला कोणत्या कारणाने बाहेर काढता येईल ते या अधिनियमाच्या कलम १२(१) मध्ये दिले आहे. भाडे थकले आणि मागणीची नोटीस मिळूनही दोन महिन्यांत भरले नाही, जागा पोटभाड्याने दिली, जागेचे मोठे नुकसान केले, मालकाला स्वतःसाठी जागेची खरोखर गरज आहे, अशी ती कारणे. पुरावा कसा आणायचा, हे मात्र दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ ठरवते आणि ती देशभर एकच आहे. तेव्हा पुण्याच्या मेहुण्यांचे पुराव्याबाबतचे म्हणणे बरोबर असू शकते, कारणांबाबतचे बहुधा नसते.

एक उदाहरण धरून चालू. समजा, सितलामाता बाजाराकडे जाणाऱ्या रस्त्यावर एका जुन्या वाड्याचे पुढचे दुकान आहे. मालक काका कापड गिरणीतून निवृत्त झालेले, आणि त्यांच्या सज्ञान मुलाला त्या जागेत फराळाचे दुकान टाकायचे आहे. भाडेकरू साड्यांचा व्यापारी, दोन पिढ्या तिथेच. काकांनी कलम १२(१)(फ) खाली दावा लावला आहे. हे कलम धंद्याच्या जागेबद्दलचे आहे. मालकाला स्वतःच्या किंवा सज्ञान मुलाच्या धंद्यासाठी जागेची खरी गरज असली पाहिजे, आणि त्याच शहरात त्याच्या ताब्यात दुसरी सोयीची जागा असता कामा नये, अशी त्याची अट. वाक्याचा हा दुसरा भाग लक्षात ठेवा. इंदूरमध्ये उशिरा येणाऱ्या पुराव्याचा निम्मा इतिहास त्याच्याभोवती फिरतो.

खालच्या कोर्टात असताना

दावा दिवाणी न्यायाधीशासमोर चालू आहे तोवर फार घाबरण्याचे कारण नाही. नियम असा की वादीने आपले कागद दाव्यासोबत द्यावेत आणि प्रतिवादीने जवाबदाव्यासोबत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरासोबत. संहितेचा आदेश ७ नियम १४ वादीसाठी आहे आणि आदेश ८ नियम १-अ प्रतिवादीसाठी. राहिलेला कागद नंतर द्यायचा तर कोर्टाची परवानगी लागते. ही परवानगी बरेचदा मिळते, मात्र कारण सांगावे लागते आणि कधीकधी कॉस्ट (समोरच्याला द्यायचा खर्च) भरावी लागते. सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये सुगंधी विरुद्ध पी. राजकुमार या प्रकरणात सांगितले की प्रतिवादीने उशिराचे पटण्याजोगे कारण दिले असेल तर कोर्टाने अशा अर्जाकडे उदारपणे पाहावे, प्रक्रियेच्या बारकाव्यात न्याय अडकवू नये.

वादप्रश्न (कोर्टाने ठरवलेले वादाचे मुद्दे) निघाले, साक्षी झाल्या, ‘साक्ष समाप्त’ असा शेरा पडला, की दार अरुंद होते. तरी ते बंद झालेले नसते. आदेश १८ नियम १७ खाली कोर्ट साक्षीदाराला पुन्हा बोलावू शकते. पण ती सोय कोर्टाला काही स्पष्ट करून घ्यायचे असेल त्यासाठी आहे, वकिलाची उलटतपासणी नीट झाली नाही म्हणून नव्हे. हे २००९ च्या वाडिराज वेर्णेकर प्रकरणात स्वच्छ सांगितले आहे. २०११ च्या के. के. वेलुसामी प्रकरणात पुढची पायरी आली. साक्ष संपल्यावर खरोखर महत्त्वाचे काही हाती आले, तर कोर्ट संहितेच्या कलम १५१ खालचा अंगभूत अधिकार वापरून साक्ष पुन्हा उघडू शकते, पण हात राखून.

माझे स्पष्ट मत असे की निम्म्या पक्षकारांचे नुकसान याच टप्प्यावर होते आणि त्याला कारण फक्त कंटाळा. पेशीवर पेशी (तारखेवर तारीख) पडत जाते, वकील सांगतो की तो कागद आणून द्या, पक्षकार म्हणतो, पुढच्या पेशीला आणतो. मग निकाल लागतो.

अपिलातले कुलूप

खालच्या कोर्टाने काकांच्या बाजूने हुकूमनामा, म्हणजे जागा सोडण्याचा आदेश, दिला, व्यापारी जिल्हा न्यायाधीशाकडे अपिलात गेला. आता लागतो आदेश ४१ नियम २७. त्याची सुरुवातच नकाराने होते. अपिलात कोणत्याही पक्षाला वाढीव पुरावा देण्याचा हक्क नाही. तोंडीही नाही, कागदीही नाही. अपील म्हणजे तीच उत्तरपत्रिका पुन्हा तपासणे, नवा पेपर लिहिणे नव्हे.

या नकाराला अपवाद तीन.

पहिला सरळ आहे. खालच्या कोर्टाने जो पुरावा घ्यायला हवा होता तो चुकीने नाकारला. व्यापाऱ्याने भाडेपावत्यांचे पुस्तक दिले होते आणि कोर्टाने ‘उशीर झाला’ एवढ्यावर ते परत केले, तर त्या आदेशाची नकल (अधिकृत प्रत) जोडून अपिलात तो मुद्दा घेता येतो. इथे कागद कुठे होता याचे उत्तर तयार असते: कोर्टाच्या दारात.

दुसरा अपवाद १९७६ च्या दुरुस्तीने आला. पक्षकाराने दाखवून द्यायचे की त्याने योग्य ती दक्षता घेऊनही हा पुरावा त्याला माहीत नव्हता, किंवा माहीत असूनही त्या वेळी हजर करता आला नाही. सगळी लढाई ‘योग्य दक्षता’ या दोन शब्दांवर होते. दक्षता म्हणजे तुम्ही काय केले त्याची यादी. कोणत्या कार्यालयात गेलात, कधी अर्ज दिला, काय उत्तर मिळाले, कोणाला समन्स काढायला सांगितला. ‘मला माहीत नव्हते’ हे वाक्य एकटे काहीच सिद्ध करत नाही. व्यापाऱ्याला अपिलाच्या वेळी कळले की काकांनी दावा लावण्याच्या दोन वर्षे आधी राजेंद्रनगरात एक दुकान रजिस्ट्री करून घेतले होते. हे काकांच्या विरुद्ध थेट जाते. पण कोर्ट विचारेल, रजिस्ट्री ही सार्वजनिक नोंद. नगर निगमाच्या संपत्तिकर खात्यातही नाव चढते. तुम्ही दावा चालू असताना शोध का घेतला नाही? काकांना उलटतपासणीत ‘इंदूरमध्ये तुमची दुसरी जागा आहे का?’ एवढे तरी विचारले का? विचारले असेल आणि काकांनी शपथेवर ‘नाही’ म्हटले असेल, तर व्यापाऱ्याची बाजू एकदम भक्कम होते. आपण शोधत होतो आणि समोरच्याने लपवले, हे त्या एका प्रश्नोत्तरातून दिसते. नसेल विचारले, तर अर्ज लंगडा पडतो.

तिसरा अपवाद कोर्टाचा स्वतःचा. निकाल देण्यासाठी कोर्टालाच एखाद्या कागदाची किंवा साक्षीची गरज वाटली, किंवा तसेच दुसरे सबळ कारण असले, तर कोर्ट तो पुरावा मागवू शकते. पक्षकारांना हे कलम फार आवडते, कारण इथे दक्षतेचा हिशेब द्यावा लागत नाही असे त्यांना वाटते. पण गरज कोर्टाची हवी, पक्षकाराची नव्हे. फाइलमधल्या साक्षीपुराव्यावर निकाल देता येत असेल, मग तो कोणाच्याही बाजूचा असो, तर हे दार उघडत नाही. राहिलेली फट बुजवायला किंवा हरलेल्याला दुसरा डाव द्यायला ते नाही, असे कोर्टांनी पुन्हा पुन्हा सांगितले आहे. वाड्याची हद्द कुठे संपते याचे दोन्ही बाजूंचे नकाशे परस्परविरोधी आहेत आणि फाइलवरून काहीच ठरत नाही, तिथे नगर निगमाचा मंजूर नकाशा मागवणे हे या कलमाचे खरे क्षेत्र.

पुरावा घेतला तर का घेतला हे कोर्टाने लिहून ठेवावे लागते. हा अर्ज कधी ऐकायचा, यावर २०१२ चा यूनियन ऑफ इंडिया विरुद्ध इब्राहिम उद्दीन हा निकाल सगळे वकील तोंडपाठ सांगतात. अर्ज अपिलाच्या अंतिम सुनावणीबरोबर ऐकावा, कारण फाइल पूर्ण वाचल्याशिवाय कागदाची गरज आहे की नाही हे कळणारच नाही. म्हणून ऑर्डरशीटवर ‘अर्ज अंतिम बहसेच्या वेळी विचारात घेतला जाईल’ असा शेरा आला तर तो नकार समजून बसू नका.

पहिल्या अपिलाकडे शेवटची खरी संधी म्हणूनच पाहावे. पुढे हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठात दुसरे अपील आहे, पण संहितेच्या कलम १०० प्रमाणे ते फक्त कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावर चालते. तिथे नवी वस्तुस्थिती घेऊन जाणे फार कठीण.

दाव्यानंतर घडलेल्या गोष्टी

आतापर्यंत जुन्या कागदाचे झाले. घरमालक-भाडेकरूचे दावे बाकीच्या दिवाणी दाव्यांपेक्षा वेगळे पडतात ते इथे. जमिनीची मालकी कोणाची, हे दावा लावला त्या दिवशी जे होते तेच पुढेही असते. ‘गरज’ मात्र माणसाबरोबर बदलत राहते. दावा दहा वर्षे चालला तर तेवढ्यात मुलगा बंगळुरूला नोकरीला लागतो, काका वारतात, वाड्यातले मागचे दुकान रिकामे होते. अशा घटनेचा कागद आजवर कुठे होता? तो नव्हताच. त्यामुळे दक्षतेचा प्रश्न इथे फक्त एवढा उरतो की घटना कळल्यावर तुम्ही किती लवकर कोर्टात आलात.

या विषयातला पायाभूत निकाल १९७५ चा, पसुपुलेटी वेंकटेश्वरलु प्रकरणातला. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांच्या पीठाने म्हटले की हक्क दाव्याच्या तारखेला पाहायचा हे खरे, पण नंतरची एखादी घटना मूळ मागणीच्या मुळावरच येत असेल तर कोर्टाने डोळे मिटून बसू नये. तेही मालकाच्या जागेच्या गरजेचेच प्रकरण होते.

१९८१ चा हसमत राय विरुद्ध रघुनाथ प्रसाद हा निकाल तर आपल्याच मध्य प्रदेश अधिनियमाखालचा. मालकाला औषधांचे दुकान टाकायचे होते. दावा चालू असतानाच त्याच इमारतीतली लगतची जागा दुसऱ्या भाडेकरूकडून त्याच्या ताब्यात आली. सर्वोच्च न्यायालयाने ती घटना विचारात घेतली आणि निकाल भाडेकरूच्या बाजूने लावला. गरज दाव्याच्या तारखेला असून भागत नाही, ताब्याचा हुकूम अंतिम होईपर्यंत ती टिकून राहिली पाहिजे, असे त्यातले सूत्र. आपल्या उदाहरणातल्या व्यापाऱ्याला हा निकाल सोन्यासारखा आहे, पण मागचे दुकान रिकामे होऊन काकांच्या ताब्यात आले असेल तरच.

याच्या विरुद्ध टोकाला २००१ चा गया प्रसाद विरुद्ध प्रदीप श्रीवास्तव. मालकाला डॉक्टर मुलाच्या दवाखान्यासाठी जागा हवी होती. खटला दोन दशकांहून अधिक चालला, दरम्यान मुलगा सरकारी नोकरीत गेला. भाडेकरू म्हणाला, आता कसली गरज? कोर्टाने ते मानले नाही. मुलाने इतकी वर्षे हातावर हात ठेवून निकालाची वाट पाहायची का, असा तो विचार. गरजेचा निर्णायक दिवस अर्जाचा, आणि नंतरची घटना गरज पूर्णपणे संपवणारी असेल तरच मोजायची. २००४ च्या शकुंतलाबाई विरुद्ध नारायणदास प्रकरणात, ताब्याचा हुकूम झाल्यावर भाडेकरूच्या अपिलात मालक वारला तेवढ्याने हुकूम पडत नाही, वारस तो टिकवू शकतात, असे ठरले.

मग दोन्ही टोकांमध्ये रेघ कुठे ओढायची? माझ्या समजुतीप्रमाणे अशी. जागा मिळाली तर गरज भागली, मग घटना मोजली जाते. मालकाच्या किंवा मुलाच्या आयुष्यात बदल झाला पण जागा मिळाली नाही, तर कोर्ट सहसा भाडेकरूला फायदा देत नाही. कारण तो बदल बहुतेक वेळा खटल्याच्या उशिरामुळेच झालेला असतो आणि त्या उशिराचा फायदा भाडेकरूने आधीच जागेत बसून घेतलेला असतो. काकांचा मुलगा बंगळुरूला गेला, हा मुद्दा म्हणून व्यापाऱ्याने डोक्यातून काढावा. मागच्या दुकानाचा ताबा काकांकडे आला, हा मात्र घट्ट धरावा.

आणि इथेच अनेकजण ठेच खातात. नवी घटना नुसत्या पुराव्याच्या अर्जाने आणता येत नाही. आधी ती जवाबदाव्यात असायला हवी. जे कथनात नाही त्यावर पुरावा वाचलाच जात नाही. म्हणून अर्ज दोन लागतात. एक आदेश ६ नियम १७ खाली जवाबदाव्यात दुरुस्तीचा, आणि दुसरा आदेश ४१ नियम २७ खाली त्या दुरुस्तीच्या पुराव्याचा. फक्त दुसराच दाखल झाल्यामुळे चांगले मुद्दे वाया गेलेले मी पाहिले आहेत.

अर्ज कसा दिसतो

इंदुरात अर्ज हिंदीत जातो, पण मजकुराचा मासला मराठीत देतो. बहुतेक अर्ज असे असतात:

‘सदर भाडेपावती पुस्तक प्रकरणाच्या न्याय्य निकालासाठी अत्यंत आवश्यक आहे. ते चुकून देण्याचे राहून गेले. तरी न्यायहितार्थ स्वीकारावे.’

यातले ‘चुकून राहून गेले’ म्हणजे दक्षता घेतली नाही याची लेखी कबुली. समोरचा वकील तेवढ्यावर बोट ठेवतो आणि खाली बसतो. त्याच कागदासाठी हा दुसरा मासला पाहा:

‘दुकान अपीलार्थीच्या वडिलांच्या नावाने भागीदारीत होते. भाडेपावत्या भागीदाराकडे राहत. वडील वारल्यानंतर अपीलार्थीने त्याच्याकडे पुस्तक मागितले, त्याने दिले नाही. अपीलार्थीने खालच्या न्यायालयात कागद घेऊन हजर राहण्याचा समन्स काढण्याचा अर्ज दिला. समन्स पत्ता बदलल्यामुळे बजावला गेला नाही, तसा अहवाल फाइलवर आहे. निकालानंतर भागीदाराच्या मुलाने जागा आवरताना पुस्तक अपीलार्थीला दिले. त्याचे शपथपत्र सोबत आहे. पुस्तकातील नोंदी वादप्रश्न क्रमांक २ शी संबंधित असून भाडे थकले होते या निष्कर्षाच्या विरुद्ध आहेत.’

कागद तोच. दुसऱ्या अर्जात मात्र त्याचा प्रवास आहे, आणि प्रवासातला एक टप्पा फाइलवर आधीच नोंदलेला आहे. भागीदाराच्या मुलाचे शपथपत्र जोडले, म्हणजे फक्त पक्षकाराच्या शब्दावर कोर्टाला अवलंबून राहावे लागत नाही. शिवाय कागद कोणत्या वादप्रश्नाला लागतो तेही सांगितले. असा अर्जही नामंजूर होऊ शकतो, पण कोर्टाला तो वाचावा तरी लागतो.

जुन्या मराठी कागदांचे

एक गोष्ट आपल्याच लोकांची. इंदूरच्या जुन्या मराठी घरांत होळकरशाहीतले कागद अजून निघतात. काही मोडीत, काही बाळबोध मराठीत. भाडेचिठ्ठी असते, आजोबांनी भाडेकरूला दिलेली पत्रे असतात, वाटणीचा कागद असतो. कोर्टाची भाषा हिंदी असल्याने असा कागद देताना भाषांतर लागते, आणि मोडी असेल तर वाचणाऱ्याचे नाव-पत्ता देऊन लिप्यंतरही. समोरच्या पक्षाने वाचनावरच शंका घेतली तर वाचणाऱ्याला साक्षीला यावे लागेल, हे धरूनच चाला.

तीस वर्षांहून जुन्या कागदाला एक सवलत असते. तो योग्य ताब्यातून आला असेल तर त्यावरची सही ज्याची दिसते त्याचीच असे कोर्ट गृहीत धरू शकते. जुन्या पुरावा कायद्यात हे कलम ९० होते, त्याच्या जागी आलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात कलम ९२ आहे. पण ‘योग्य ताबा’ म्हणजे पुन्हा तोच प्रश्न. वाटणीचा कागद भाडेकरूच्या कपाटातून निघाला तर तो तिथे गेला कसा?

कागद घेतला म्हणजे सिद्ध झाला असे नाही

अर्ज मंजूर झाल्यावर पक्षकार पेढे वाटतात. घाई करतात. वाढीव पुरावा स्वीकारला, एवढेच झाले. तो सिद्ध अजून व्हायचा आहे. नियम २८ प्रमाणे अपील कोर्ट स्वतः साक्ष नोंदवते किंवा खालच्या कोर्टाला नोंदवायला सांगते. साक्षीदार येतो, कागदावर प्रदर्श क्रमांक (पुराव्याचा क्रमांक) पडतो, उलटतपासणी होते. समोरच्या पक्षाला प्रत्युत्तरात आपला पुरावा देण्याची संधी द्यावीच लागते. ती न देता निकाल झाला तर वर जाऊन तो मोडतो.

आणि कागदात दोष असेल तर तो उशिरा आला म्हणून धुतला जात नाही. एका वर्षापेक्षा जास्त मुदतीचा भाडेपट्टा नोंदणीशिवाय असेल तर अटी सिद्ध करायला चालत नाही. ताबा कशाच्या आधारे होता, अशा आनुषंगिक कामापुरता तो वाचला जातो. अकरा महिन्यांचे करारनामे इतके का लिहिले जातात त्याचे एक कारण हेच. मुद्रांक कमी असेल तर कागद अटकवून ठेवतात, आणि कमी पडलेले शुल्क व त्यावर दंड भरल्याशिवाय पुराव्यात घेत नाहीत. हा दंड कमी पडलेल्या रकमेच्या दहापट होऊ शकतो.

व्हॉट्सॲपचे संदेश, फोनवरचे रेकॉर्डिंग, दुकानातल्या कॅमेऱ्याचे चित्रण यांना, ते कोणत्या उपकरणातून कसे काढले याचे प्रमाणपत्र लागते. २०२० मध्ये अर्जुन पंडितराव खोतकर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ते सक्तीचे असल्याचे सांगितले. मूळ मोबाइलच कोर्टात हजर केला आणि त्याच्या मालकाने साक्ष दिली तर गोष्ट वेगळी. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियमाचे कलम ६३ लागू आहे आणि त्यात प्रमाणपत्राचा नमुना दोन भागांत दिला आहे, एक उपकरण हाताळणाऱ्याचा, एक तज्ज्ञाचा. त्या तारखेआधीपासून चालू असलेल्या प्रकरणांना जुना १८७२ चा कायदाच लागतो. स्क्रीनशॉटची रंगीत प्रिंट काढून तिला टाचणी मारली की पुरावा झाला, हा समज अजून फार पसरलेला आहे.

भाडे भरल्याचे थोडे वेगळे आहे. अधिनियमाच्या कलम १३ प्रमाणे भाडेकरूला समन्स मिळाल्यापासून एका महिन्यात थकबाकी आणि पुढे प्रत्येक महिन्याच्या १५ तारखेपर्यंत भाडे कोर्टात जमा करावे लागते किंवा मालकाला द्यावे लागते, आणि हे अपिलातही चालू ठेवावे लागते. कोर्टात जमा केल्याची पावती फाइलचाच भाग असते. ती दाखवायला वाढीव पुराव्याचा अर्ज नको. ज्याने रोख देऊन पावती घेतली नाही, त्याची अडचण मात्र कोणताही नियम सोडवत नाही.

काही मालक या कोर्टात येतच नाहीत. विधवा किंवा घटस्फोटित स्त्री, निवृत्त सरकारी कर्मचारी, सैन्यातला माणूस, अपंग व्यक्ती यांना अधिनियमाच्या प्रकरण ३-अ प्रमाणे भाडे नियंत्रण प्राधिकाऱ्याकडे थेट अर्ज करता येतो. तिथे भाडेकरूला बचावाची परवानगी १५ दिवसांत मागावी लागते, आणि मालकाची गरज खरी आहे असे आधीच गृहीत धरले जाते. उलट सिद्ध करण्याचे ओझे भाडेकरूवर. त्या निर्णयावर अपील नाही, हायकोर्टात पुनरीक्षण (निर्णय तपासून पाहण्याचा अर्ज) आहे. अशा प्रकरणात उशिरा पुरावा आणण्याची चैन परवडत नाही. समन्स हातात पडताच सगळे कागद बाहेर काढावे लागतात.

राहिला प्रश्न अर्ज फेटाळला तर काय. त्या आदेशावर वेगळे अपील नाही. पण पहिल्या अपिलाचाही निकाल विरुद्ध गेला, तर संहितेच्या कलम १०५ प्रमाणे दुसऱ्या अपिलाच्या ज्ञापनात तो आदेश चुकीचा होता आणि त्यामुळे निकालावर परिणाम झाला, असा मुद्दा घेता येतो. अर्जाचा विचारच न करता अपील निकाली काढले असेल, तर हा मुद्दा आणखी जोरात मांडता येतो. त्यासाठी नकल शाखेत निकालाच्या नकलेबरोबर त्या अर्जाची, त्याच्या उत्तराची आणि ऑर्डरशीटची नकलही मागा. बरेच लोक फक्त निकाल आणि हुकूमनामा घेऊन हायकोर्टाच्या वकिलाकडे जातात, आणि अर्ज खरोखर दिला होता की नाही हे शोधण्यातच पहिले काही आठवडे जातात. दुसऱ्या अपिलाची मुदत ९० दिवसांची आहे.